'अर्शिन माल अलान'मधला अस्गर: रशीद बेहबुदोवबद्दल कोणी सांगेल का?

रविवार_कारंजा

नमस्कार मंडळी. मेनरोडला आमचं कापडाचं दुकान आहे, आजोबांपासूनचं. प्रश्न सिनेमाचा असला तरी दुकानाशी त्याचा संबंध आहे, म्हणून हे आधी सांगून ठेवतो.

आम्ही काही जण गंगापूर रोडवरच्या एका छोट्या हॉलमध्ये महिन्यातून एका रविवारी सकाळी जुने परदेशी सिनेमे दाखवतो. तिकीट नाही, चहा आहे. या खेपेला १९४५ सालचा अझरबैजानचा 'अर्शिन माल अलान' लावायचा ठरलंय. आग्रह माझाच होता, कारण नायक कापड विकतो! आता प्रास्ताविकाची दहा मिनिटं माझ्याच गळ्यात पडली आहेत.

ज्यांनी पाहिला नाही त्यांच्यासाठी: अस्गर हा पैसेवाला तरुण व्यापारी. लग्न करायचंय, पण मुलगी आधी डोळ्यांनी बघायचीय, आणि बायका पडद्यात असल्याने ते शक्य नाही. मग सुलेमान नावाचा मित्र त्याला अक्कल शिकवतो की कापडाचा फेरीवाला हो, फेरीवाल्याला कोणी अंगणातून हाकलत नाही. अस्गर गाठोडं खांद्यावर टाकून हाळी देत गल्लोगल्ली फिरतो आणि सुलतान बे नावाच्या जमीनदाराच्या अंगणात त्याला त्या बेची मुलगी गुलचोहरा दिसते. पुढे जे व्हायचं तेच होतं. बाप म्हणतो, फेरीवाल्याला मुलगी देणार नाही. मग तोच बाप 'अस्गर शेठ'ला मुलगी द्यायला आनंदाने तयार होतो, आणि पोरगी बिचारी रडत बसते, कारण हा तोच आहे हे तिला ठाऊक नाही.

माझे आजोबा असंच बोचकं घेऊन दिंडोरी, वणीच्या बाजारांना जायचे. दारात बसून कापड उलगडणं ही एक कला आहे हे मी घरात ऐकत आलोय. बाई नुसतं 'बघू' म्हणाली की ठाण सगळं मोकळं करायचं नाही, एक घडी सोडायची, काठ दिसेल एवढीच. बाकीचं ती स्वतः ओढून बघते. एकदा हात लागला की सौदा अर्धा झाला.

तर प्रश्न. हा अस्गर झालेला रशीद बेहबुदोव नक्की कोण? नाव टाकलं की सिनेमे कमी आणि गाणीच जास्त येतात. हा नट होता की गायक? आमचे प्रेक्षक बहुतेक साठीच्या पुढचे, नाट्यसंगीतावर वाढलेले. त्यांच्यासमोर या माणसाची ओळख कशी करून द्यावी? आणि जाता जाता, अर्शिन म्हणजे किती हो?

---

ओझर_निवृत्त

अर्शिनचं आधी उरकतो. ७१ सेंटिमीटर आणि वर चिमूटभर. आपला वार ९१ सेंटिमीटर आणि वर थोडं. म्हणजे अस्गरकडून नऊवारी घ्यायची तर साडेअकरा अर्शिनच्या वर मोजून घ्या, नाहीतर पदर आखूड येईल.

आता माणूस. मी ओझरला एचएएलच्या विमान कारखान्यात होतो, मिगच्या सांगाड्याच्या कामावर. साठच्या दशकात तिथे मिग-२१ बांधायला सुरुवात झाली तेव्हापासून सोव्हिएत तज्ज्ञ येऊन-जाऊन असायचे, टाउनशिपमध्येच राहायचे. आपण सगळ्यांना सरसकट 'रशियन' म्हणायचो, पण त्यांत कोणी युक्रेनचा, कोणी जॉर्जियाचा, आणि आमच्या शॉपवर आला तो अझरबैजानच्या राजधानीचा, बाकूचा निघाला. कामावर भलताच खडूस. ड्रॉइंगवर बोट ठेवायचा, 'न्येत' म्हणायचा आणि गप्प. नक्की काय चुकलंय ते तुमचं तुम्ही शोधायचं. संध्याकाळी क्वार्टरवर गेलं की माणूस ओळखू यायचा नाही. लिंबाची चकती घातलेला काळा चहा, खडीसाखरेसारखे साखरेचे तुकडे, आणि रेकॉर्डवर बेहबुदोव. चहात साखर घालायचा नाही, खडा दातात धरून वरून चहा प्यायचा. मी कारखान्यातल्या वर्गात मोडकंतोडकं रशियन शिकलो होतो, त्यामुळे आमचं जमलं. परत जाताना मेलोदिया या सोव्हिएत कंपनीची एक रेकॉर्ड देऊन गेला. तो जे सांगायचा ते, आणि पुढे मी वाचत गेलो ते, असं एकत्र लिहितो.

बेहबुदोवचा जन्म १४ डिसेंबर १९१५ चा. गाव तिफ्लिस, म्हणजे आजची जॉर्जियाची राजधानी तिबिलिसी. वडील मजीद बेहबुदोव मूळचे काराबाखमधल्या शुशाचे, तिथले नावाजलेले खानंदे. मुगाम गाणाऱ्याला तिकडे खानंदे म्हणतात. मुगाम हे त्यांचं रागदारीच्या जवळचं गाणं, एकेका सुरावलीवर थांबत, वाढवत न्यायचं. आणि शुशा म्हणजे गवयांचं गाव. घरात एवढा गळा, आणि पोराला घातलं कुठे, तर रेल्वेच्या तांत्रिक शाळेत! मला हे भयंकर आवडतं. शाळेत रूळ आणि इंजिनं शिकता शिकता पठ्ठ्याने मुलांचा वाद्यवृंद उभा केला. मग लष्करात गेला तिथेही गाण्याच्या पथकात. तिथून येरेवानला, आर्मेनियाच्या सरकारी जॅझ ऑर्केस्ट्रात गायक. जॉर्जियात जन्म, आर्मेनियात उमेदवारी, अझरबैजानमध्ये नाव. कॉकेशसच्या तिन्ही राजधान्या तिशीच्या आत पालथ्या घातल्या.

बाकूला तो आला तो या सिनेमाच्या सुमारास. मूळ संगीतिका उझेयिर हाजीबेयोवची, १९१३ ची. हाजीबेयोव तेव्हा सेंट पीटर्सबर्गला संगीत शिकत होता, तिथे बसून त्याने ती लिहिली, आणि त्याच वर्षी बाकूत तिचा पहिला प्रयोग झाला. सिनेमा निघाला तेव्हा तो हयात होता, म्हणजे रचनाकाराच्या डोळ्यांदेखत झालेलं काम आहे हे. दिग्दर्शक दोघे, रझा तहमासिब आणि निकोलाय लेश्चेन्को. वर्षाकडे लक्ष द्या, १९४५. बाकूचं तेल रणगाड्यांत आणि विमानांत जळतंय आणि त्याच बाकूत ही मंडळी लग्नाचा विनोदी सिनेमा करतायत. लोक तुटून पडले त्यावर. साऱ्या सोव्हिएत देशात चालला, बाहेरही गेला. १९४६ मध्ये बेहबुदोवला स्टालिन पारितोषिक मिळालं.

तुमचा खरा प्रश्न: नट की गायक? माझं स्पष्ट मत सांगतो, कोणाला राग आला तर येऊ द्या. अभिनय बघायचा असेल तर त्या सिनेमात अस्गरकडे बघूच नका. नोकर वेली झालेला लुत्फअली अब्दुल्लायेव बघा, सुलतान बे झालेला अलकबर हुसेनजादे बघा. ते नाटकातले मुरलेले लोक, नुसती भुवई उचलून हशा घेतात. बेहबुदोव असं काहीच करत नाही. पण तो एक गोष्ट करतो जी त्या दोघांना जमली नसती. तो बोलत असतो आणि बोलता बोलता गायला लागतो, आणि चेहऱ्यावर काही म्हणजे काही बदलत नाही. मान ताठ होत नाही, हात पसरत नाही, डोळे मिटत नाहीत. आपल्याकडे काय व्हायचं? पेटीने सूर दिला की नाटक थांबायचं, बुवा दोन पावलं पुढे यायचे, भामिनी असो की सुभद्रा तिकडे खांबासारखी उभी. वन्समोअर घेऊन मग परत संसार सुरू. (मला ते आवडतं, गैरसमज नको. लहानपणापासून तेच ऐकलंय.) बेहबुदोवच्या गाण्याला मात्र असा सांधाच नाही. विमानाच्या पत्र्यावरचा रिव्हेट जसा घासून असा बसवतात की बोट फिरवलं तरी लागू नये, तसं त्याचं बोलणं आणि गाणं जोडलेलं आहे.

आणि आवाज! हलका, वर चढणारा टेनर, पण वर गेल्यावरही तिथे ताण ऐकू येत नाही. बापाकडून आलेली मुगामची हरकत आहे आणि येरेवानच्या जॅझमधून आलेली माइकची सवय आहे. माइकवर गायला शिकलेला माणूस ओरडत नाही. कॅमेऱ्यासमोर त्याला हेच उपयोगी पडलं असं मला वाटतं.

म्हणून तुमच्या मंडळींना एवढंच सांगा की अस्गर पहिल्यांदा अंगणात शिरतो तो प्रसंग नीट बघा. तुमच्या आजोबांची घडी सोडायची गोष्ट तिथेच सांगा, माझ्या माहितीपेक्षा ती जास्त कामाची आहे.

---

द्वारका_सर्कल

काका, माहिती एक नंबर. पण थोडी फोडणी घालू का?

एका सिनेमावर कोणी सिनेनट होत नाही. १९४५ ला एक मोठा सिनेमा, बक्षीस, आणि पुढे आयुष्यभर मैफली. त्यात ते बक्षीस कोणाच्या नावाचं होतं तेही बघा. जुन्या जमीनदाराची टर उडवणारी, पडदा पद्धतीला हसणारी गोष्ट त्या सरकारला सोयीचीच होती.

अझरबैजानचा नट दाखवायचा तर रसीम बालायेव दाखवा ना. १९४८ चा जन्म, अग्सूचा. १९७३ च्या 'नसीमी'त नसीमी कवी तोच, १९७९ च्या 'बाबेक'मध्ये खलिफाशी लढणारा बाबेक तोच, मध्ये १९७५ ला 'देदे कोरकुत'मध्येही आहे. घोड्यावर बसला की खरंच त्या काळातला वाटतो. आणि गाण्याबिण्याची कुबडी नाही.

---

ओझर_निवृत्त

@द्वारका_सर्कल बाळा, बालायेव उत्तमच. वाद नाही. नसीमीला पाखंडी ठरवून अलेप्पोत मारलं, त्या माणसाचा शांतपणा तोंडावर आणणं सोपं नाही. वय तरी काय होतं तेव्हा बालायेवचं, पंचविशीच्या आसपास.

पण कुबडी म्हणालास म्हणून सांगतो. हाच 'अर्शिन माल अलान' १९६५ मध्ये परत काढला, रंगीत, दिग्दर्शक तोफिग तगीजादे. त्यात अस्गर आहे हसन मम्मदोव. हसन मम्मदोव म्हणजे पुढे अझरबैजानच्या पहिल्या फळीतला नट झालेला माणूस, अभिनयात बेहबुदोवपेक्षा कितीतरी वरचढ. गुलचोहरा लेयला शिखलिन्स्काया, दिसायला सुरेख. रंग आहेत, कपडे आहेत, सगळं आहे. फक्त मम्मदोवला गाण्यासाठी उसना आवाज दिलाय, प्लेबॅक. दोन्ही सिनेमांतली अंगणातली हाळी लागोपाठ लावून बघ. चांगला नट उसन्या आवाजावर ओठ हलवतोय, आणि साधारण नट स्वतःच्या गळ्याने गातोय. मग मला सांग, कोणाकडून कापड घ्यावंसं वाटतं.

सरकारच्या सोयीचं म्हणशील तर गोष्ट १९१३ ची आहे. तेव्हा झारचं राज्य होतं, लेनिन परदेशात होता. सुलतान बेची टर हाजीबेयोवने पक्षाला विचारून उडवलेली नाही. त्या काळी बाकूत तेलाच्या पैशावर नवश्रीमंत झालेले असे बे त्याच्या समोरच हिंडत होते.

आणि एकच सिनेमा असंही नाही. १९५५ मध्ये 'बख्तियार' आला, दिग्दर्शक लतीफ सफारोव, संगीत तोफिग गुलियेव. नायक बेहबुदोव, तोच गाणारा बख्तियार. सिनेमा म्हणून मला यथातथाच वाटला, गाणी मात्र माझ्या रेकॉर्डवर आहेत त्यांतली दोन तिथलीच आहेत आणि ती मी घासून घासून संपवली. १९७४ मध्ये त्याच्या दौऱ्यांवरच एक संगीतपट निघाला. तेवढंच. सिनेमाच्या मागे धावला असता तर मिळाले असते अजून दहा, एवढं नाव होतं. धावला नाही.

---

पडद्यामागची

मी हौशी नाट्यस्पर्धांसाठी वेशभूषा करते, परशुराम साईखेडकर नाट्यगृहाच्या विंगेत अर्धं आयुष्य गेलंय. @रविवार_कारंजा दादा, तुमच्या नाट्यसंगीतवाल्या प्रेक्षकांसाठी माझ्याकडे एक चांगला धागा आहे.

बेहबुदोव हा पडद्यावरचा अस्गर. रंगमंचावरचा पहिला अस्गर हुसेनगुलू साराब्स्की. आणि १९१३ च्या त्या पहिल्या प्रयोगात गुलचोहरा कोणी केली माहितीये? अहमद अग्दाम्स्की. पुरुष! शुशाचा, खानंदेच. हाजीबेयोवच्या बऱ्याच नायिका त्यानेच केल्या.

आता आपल्याकडे या. 'संगीत मानापमान' रंगमंचावर आलं १९११ मध्ये, पहिली भामिनी बालगंधर्व. श्रीमंत घरची मुलगी साध्या वेषात वनमाला होऊन जाते आणि ज्याला गरीब म्हणून झिडकारलं त्याच्याच प्रेमात पडते. तिकडे दोन वर्षांनी श्रीमंत मुलगा गरीब होऊन जातो. दोन्हीकडे नायिका पुरुष, दोन्हीकडे गाण्यावर गर्दी, आणि दोन्हीकडे वेषांतराशिवाय मनासारखं लग्न जमत नाही! एकमेकांना माहीतही नसताना मुंबई-पुण्याकडे आणि बाकूत एकाच सुमाराला हे चाललं होतं. तुमचे प्रेक्षक इथेच सरसावून बसतील.

बाई का नव्हती याचंही कारण सांगा. १९१२ मध्ये बाकूच्या तगीयेव नाट्यगृहात शौकत मम्मदोवा नावाची तरुण मुलगी गायला उभी राहिली. मुस्लिम मुलगी उघड्या तोंडाने पुरुषांसमोर गाते म्हटल्यावर एवढा दंगा झाला की तिला तिथून पळ काढावा लागला. पुढे ती मोठी गायिका झाली, पण ते नंतर. या दंग्यानंतर पुढच्याच वर्षी 'अर्शिन माल अलान' त्याच शहरात लागलं, म्हणजे बाईचं तोंड बघायला मिळत नाही म्हणून धडपडणाऱ्या मुलाची गोष्ट, आणि तीत मुलगी झालाय अहमद. प्रेक्षकांत किती जणांना यातली गंमत कळली असेल देव जाणे.

१९४५ च्या सिनेमात मात्र गुलचोहरा लेयला बदिरबेयली आहे, अस्गरची जहान मावशी मुनव्वर कलंतरली, मोलकरीण तेली फातमा मेहरअलियेवा. सगळ्या बायका बायकाच. तीस-बत्तीस वर्षांत एवढं झालं. ओझरचे काका म्हणतात तो बेहबुदोवचा साधेपणा मला यामुळेही पटतो. समोर खरी मुलगी असल्यावर गवयाला कशाला पुढे येऊन उभं राहावं लागेल?

आणि एक धंद्यातलं. जहान मावशीचे कपडे बघा. विधवा आहे, पण सुलतान बेला भेटायला येते तेव्हा बाई नीट नटून येते. सुलतान बे स्वतः विधुर, मुलीच्या लग्नाचं बोलता बोलता स्वतःचंच जमवून बसला. मला ते प्रकरण नायक-नायिकेपेक्षा जास्त आवडतं.

---

इंदिरानगर_७

माझी छोटी भर. आम्ही नवरा-बायको बाकूला फिरायला गेलो होतो. तिथे बेहबुदोवच्या नावाचा रस्ता आहे आणि त्याच रस्त्यावर त्याचं गीत-नाट्यगृह. इमारत बघून मी विचारलं की हे नाट्यगृहासारखं का नाही दिसत, तर कळलं की मूळचं ते ज्यूंचं प्रार्थनास्थळ. बाहेर त्याचा पुतळा आहे. गाइड मुलगी विशीतली, पण 'अर्शिन माल अलान' म्हटल्याबरोबर हाळीची ओळ गाऊनच दाखवली तिने. लग्नात वाजतं म्हणे अजून.

अवांतर: बाकूजवळ सुराखानीला आतेशगाह आहे, आगीचं मंदिर. दारावर देवनागरीत 'श्री गणेशाय नमः' कोरलंय, संवत १८०२. हिंदुस्थानातले व्यापारी तिथे राहायचे. आमच्या सासूबाईंनी तिथे चपला काढल्या, ऐकेनात.

---

रविवार_कारंजा

अहो काय खजिना उघडलात सगळ्यांनी! @पडद्यामागची ताई, मानापमान आणि अस्गर एकाच दमात सांगणार, ठरलं. प्रयोगाला यायचं बरं का, कपड्यांवर तुम्हीच बोला.

@ओझर_निवृत्त काका, दोन गोष्टी राहिल्या. एक, सिनेमानंतरचं त्याचं आयुष्य थोडं सांगाल का? 'पुढे मैफली केल्या' एवढ्यावर आमचे जोशी सर मला सोडायचे नाहीत. दुसरं, तो भारतात आला होता असं कुठेतरी वाचलं. खरं का? आणि एक फुकटची विनंती: तुमची रेकॉर्ड आणाल का?

---

ओझर_निवृत्त

आला होता, आणि इथली गाणी शिकून गेला होता. हिंदी, बंगालीत गायचा. जिथे जाईल तिथलं एक गाणं तिथल्या भाषेत म्हणायचं हा त्याचा नेमच होता, फारसी, तुर्की, काय वाटेल ते. कृपा करून प्रास्ताविकात इथे राज कपूर आणू नका. रशिया म्हटलं की सगळे राज कपूरच आणतात. हा उलट्या दिशेने आलेला माणूस आहे, त्याला त्याची पाच मिनिटं मिळू द्या.

जोशी सरांसाठी: चाळीस आणि पन्नासच्या दशकांत बाकूच्या फिलहार्मनीत, म्हणजे तिथल्या सरकारी संगीतसंस्थेत, गायक, मधली काही वर्षं तिथल्या ऑपेरातही. १९५९ ला सोव्हिएत संघाचा लोककलावंत, तो तिथला मोठा किताब. १९८० ला समाजवादी श्रमवीर. हे सगळं एका वाक्यात उरका, पदकांच्या याद्या ऐकून लोक चहाकडे बघायला लागतात.

सांगण्यासारखं आहे ते १९६६ चं. पन्नाशीला आलेला माणूस, नाव आहे, पदकं आहेत, आणि हा बाकूत गीत-नाट्यगृह काढतो. इंदिरानगरवाल्या ताईंनी पाहिलं तेच. तिथे गाणं नुसतं उभं राहून म्हणायचं नाही, प्रत्येक गाणं एक छोटा प्रवेश करायचा. प्रकाश, हालचाल, कपडे, लोकवाद्यं आणि पाश्चात्त्य वाद्यं शेजारी शेजारी. म्हणजे अस्गरने अंगणात जे केलं होतं तेच. सिनेमावाल्यांनी ते त्याच्याकडून एकदा-दोनदा करून घेतलं, त्याने स्वतःचं घर बांधून ते शेवटपर्यंत केलं. म्हणून मी म्हणतो की त्याने अभिनय सोडला नव्हता, पडदा सोडला होता. मरेपर्यंत तोच तिथला प्रमुख.

गेला ९ जून १९८९ ला, मॉस्कोत. दफन बाकूला, मानाच्या दफनभूमीत. त्याच्या आदल्या वर्षापासून काराबाखवरून अझरबैजानी आणि आर्मेनियन एकमेकांच्या उरावर बसले होते. बाप शुशाचा, स्वतः येरेवानच्या ऑर्केस्ट्रात तयार झालेला. त्या शेवटच्या वर्षात त्याला काय वाटलं असेल यावर लोक बरंच काही सांगतात, मी त्यात पडत नाही. माझा तो बाकूवाला तोवर कधीच परत गेला होता. पत्रं बंद झाली होती.

रेकॉर्ड आणतो, पण प्लेअर तुमच्याकडे हवा. माझ्याचा पट्टा सैल झालाय, बेहबुदोव मधेच बॅरिटोन होतो. आणि रेकॉर्डला हात मी लावणार, दुसरं कोणी नाही.

अजून एक. रंग भरलेली आवृत्तीही मिळते हल्ली. ती लावू नका. गालांना गुलाबी रंग दिलाय सगळ्यांच्या, सुलतान बेसकट. काळी-पांढरीच लावा आणि आवाज थोडा मोठा ठेवा, संवादांना खरखर आहे.

---

द्वारका_सर्कल

काका, दोन्ही हाळ्या लागोपाठ बघितल्या काल रात्री. १९४५ वाल्याकडून घेईन कापड. पण नटाबद्दलचं माझं मत तेच आहे 😄

@रविवार_कारंजा पुढच्या महिन्याला 'नसीमी' लावा, प्रास्ताविक मी करतो.

---

ओझर_निवृत्त

'नसीमी' रविवारी सकाळी चहाबरोबर? शेवट माहितीये ना तुला? संध्याकाळी लाव, आणि नातवंडं आणू नका म्हणून आधीच सांग.

सकाळचाच खेळ ठेवायचा असेल तर हाजीबेयोवचीच दुसरी संगीतिका आहे, 'ओ ओल्मासीन, बू ओल्सुन'. सिनेमा १९५६ चा, दिग्दर्शक हुसेन सेयिदजादे. पन्नाशीचा मशदी इबाद कर्जबाजारी बेच्या कोवळ्या पोरीशी लग्न करायला निघतो. मशदी इबाद अलीआगा आगायेव आहे. तो नट, बाळा. तुला हवा तसा.

---

रविवार_कारंजा

प्लेअर मिळाला. शालिमारला ओळखीचा एक जण आहे, शनिवारी आणून लावून बघतो. काका, तुम्ही ओझरहून कसे येणार? बसच्या भानगडीत पडू नका, रेकॉर्ड घेऊन तर नाहीच. माझा भाऊ सकाळी पिंपळगावहून येतो, तो तुम्हाला दारातून घेईल. खाजगी संदेशात पत्ता टाका.